दृष्टीआड होऊ पाहणारा माणूस

'दृष्टीआड सृष्टी' ही म्हण आपण सर्वांनी वडीलधाऱ्यांच्या तोंडून ऐकलेली आहे. जे डोळ्यांसमोर नाही त्याची फार चिंता वाहू नये, एवढाच तिचा व्यवहारी अर्थ. पण म्हणीतील शब्द क्षणभर शब्दशः घेतले, तर त्यांतून एक अवघड प्रश्न उभा राहतो. जे कोणाच्याच दृष्टीस पडत नाही, ते आहे असे कशावरून म्हणावे? पुढे १७३४ मध्ये क्लॉइनचे अँग्लिकन बिशप झालेले आयरिश तत्त्ववेत्ते जॉर्ज बर्कली यांनी हा प्रश्न १७१० साली प्रसिद्ध केलेल्या मानवी ज्ञानाविषयीच्या ग्रंथात मोठ्या गांभीर्याने मांडला. 'एस्से एस्त पेर्चिपी', म्हणजे असणे हेच जाणले जाणे, हे त्यांचे सूत्र तत्त्वज्ञानाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला पाठ करावे लागते. कोणीही मनुष्य पाहत नसताना अंगणातील झाड नाहीसे का होत नाही, या प्रश्नाला बर्कली यांचे उत्तर सरळ होते. परमेश्वराची दृष्टी सृष्टीवरून कधीही ढळत नाही, म्हणून सृष्टी टिकून आहे.

बर्कली ज्या डब्लिनच्या ट्रिनिटी महाविद्यालयात शिकले, त्याच महाविद्यालयात दोन शतकांनंतर सॅम्युएल बेकेट शिकले. मराठी नाट्यरसिकांना बेकेट परिचित आहेत ते प्रामुख्याने 'वेटिंग फॉर गोदो'चे कर्ते म्हणून. १९६९ मध्ये त्यांना साहित्याचे नोबेल पारितोषिक मिळाले. मात्र या नाटककाराने आयुष्यात चित्रपटगृहासाठी एकच पटकथा लिहिली आणि तिला नावही 'फिल्म' असेच दिले, ही गोष्ट आपल्याकडे फारशी कोणी लक्षात ठेवलेली नाही. सुमारे बावीस मिनिटांचा हा कृष्णधवल लघुपट बर्कली यांच्या सूत्रावर उभा आहे. सेमिनरीत बर्कली शिकत असताना आम्ही तो प्रथम एका धूसर व्हिडिओ कॅसेटवर पाहिला आणि तरुणपणाच्या घाईत त्याच्यावर 'निरीश्वरवादी' असा शिक्का मारून मोकळे झालो. अलीकडे धर्मग्रामातील काही तरुण-तरुणींसह तो पुन्हा पाहण्याचा योग आला, तेव्हा तो शिक्का आम्हाला मागे घ्यावासा वाटला. हा लेख म्हणजे त्या माघारीचे कारण देण्याचा प्रयत्न आहे.

प्रथम निर्मितीविषयी थोडे सांगितले पाहिजे. अमेरिकन प्रकाशक बार्नी रॉसेट यांनी बेकेट, हॅरॉल्ड पिंटर आणि युजीन इओनेस्को या तीन नाटककारांकडून पटकथा मागवल्या होत्या. त्या योजनेतून प्रत्यक्ष पडद्यावर आली ती केवळ बेकेट यांची. १९६३ मध्ये ती लिहिली गेली आणि १९६४ च्या जुलै महिन्यात, न्यूयॉर्कच्या उन्हाळ्यात, तिचे चित्रण झाले. त्यासाठी बेकेट आयुष्यात पहिल्यांदा आणि शेवटचे अमेरिकेस गेले. दिग्दर्शन नाट्यदिग्दर्शक ॲलन श्नायडर यांचे. छायालेखक बोरिस कॉफमन हे रशियन चित्रपटकार झिगा व्हेर्तोव्ह यांचे बंधू. 'ऑन द वॉटरफ्रंट'च्या छायालेखनासाठी त्यांना ऑस्कर मिळालेले होते. प्रमुख भूमिकेत होते मूकपटांच्या युगातील महान विनोदी नट बस्टर कीटन, तेव्हा वय वर्षे अडुसष्ट. १९६५ च्या सप्टेंबरात व्हेनिसच्या महोत्सवात हा लघुपट दाखवला गेला, तेव्हा प्रेक्षकांनी उभे राहून कीटन यांना मानवंदना दिली. त्यानंतर पाचच महिन्यांनी, १ फेब्रुवारी १९६६ रोजी, ते निवर्तले.

कथानक म्हणावे असे यात फार थोडे आहे. काळ १९२९ च्या सुमाराचा. एका पडीक उंच भिंतीच्या कडेने एक मनुष्य घाईघाईने चालला आहे. उन्हाळ्यातही त्याच्या अंगात पायघोळ ओव्हरकोट, डोक्यावर हॅट आणि तोंडावर रुमाल आहे. त्याला कोणाच्याही दृष्टीस पडायचे नाही. कॅमेरा त्याच्या मागे लागला आहे. मात्र तो नेहमी पाठीमागून, एका ठरावीक कोनात राहतो. हा कोन पंचेचाळीस अंशांपलीकडे गेला की त्या मनुष्याला आपण पाहिले जात असल्याची वेदना जाणवते आणि तो भिंतीशी अंग चोरतो. पटकथेत बेकेट यांनी पाहणाऱ्याला 'ई' म्हणजे आय, डोळा, आणि पाहिल्या जाणाऱ्याला 'ओ' म्हणजे ऑब्जेक्ट, वस्तू, अशी नावे दिली आहेत. माणसाला नाव नाही. तो वस्तू आहे. ही गोष्ट वाचकांनी ध्यानात ठेवावी, कारण पुढील सर्व विवेचन तिच्यापाशी परत येणार आहे.

रस्त्यात हा मनुष्य एका जोडप्यावर आदळतो. त्यांतील पुरुष शिव्या देण्यासाठी तोंड उघडतो, तेव्हा स्त्री ओठांवर बोट ठेवून त्याला 'शू' असे दटावते. संपूर्ण लघुपटात हा एकच ध्वनी आहे. आवाज उपलब्ध असूनही येथे मौन निवडलेले आहे, एवढे प्रेक्षकाला कळावे म्हणूनच जणू तो योजलेला आहे. मग ते दोघे कॅमेऱ्याकडे पाहतात आणि त्यांचे चेहरे भयाने विदीर्ण होतात. घराच्या जिन्यावर फुलांचे तबक घेऊन उतरणाऱ्या वृद्धेचेही तेच होते; त्या डोळ्याकडे दृष्टी जाताच ती कोसळते. मनुष्य मात्र तिच्यामागून वर पळतो, खोलीत शिरतो, दाराला कडी घालतो आणि आपली नाडी तपासतो. ज्याला कोणाच्या दृष्टीला असायचेच नाही, तो आपण जिवंत आहोत की नाही हे चाचपून पाहतो! बेकेट यांच्या विनोदाची जात या एका कृतीतून कळते.

खोलीत आता पद्धतशीर साफसफाई सुरू होते. खिडकीचा फाटका पडदा ओढला जातो. आरशावर पांघरूण पडते. टोपलीतील मांजर आणि लहानसा कुत्रा यांना बाहेर काढण्याचा प्रसंग कीटन यांच्या जुन्या मूकपटांतून उचलून आणल्यासारखा आहे. मांजर बाहेर ठेवावे तर कुत्रा आत येतो, कुत्रा बाहेर ठेवावा तर मांजर आत येते. काही समीक्षकांना हा प्रसंग लांबलेला वाटतो. आम्हाला तो आवश्यक वाटतो. जगाच्या दृष्टीपासून सुटणे हे मुळात किती हास्यास्पद काम आहे, हे त्याशिवाय कळले नसते. नंतर पोपटाच्या पिंजऱ्यावर आणि मग सोनेरी माशाच्या भांड्यावर तो आपला कोट पांघरतो, कारण पोपटाला डोळा आहे आणि माशालाही डोळा आहे. भिंतीवर मोठे, टक लावून पाहणारे डोळे असलेले एक चित्र आहे. पटकथेत ते पित्या परमेश्वराच्या मुखाचे चित्र आहे. तो ते उपटतो, फाडतो आणि तुकडे पायाखाली तुडवतो.

अखेरीस तो झुलत्या खुर्चीवर बसतो आणि एका पाकिटातून सात छायाचित्रे काढतो. आईच्या हातांत असलेले सहा महिन्यांचे मूल; गुडघे टेकून, हात जोडून प्रार्थना करणारा चार वर्षांचा मुलगा आणि त्याच्याकडे पाहणारी आई; कुत्र्याला कसरत शिकवणारा शाळकरी; पदवीधर; वाग्दत्त वधूसोबतचा तरुण; कडेवर लहान मुलगी घेतलेला नवा सैनिक; आणि तीस वर्षांचा, पण चाळिशीपलीकडचा दिसणारा, एका डोळ्यावर पट्टी बांधलेला एकाकी मनुष्य. ती सर्व तो एकेक करून पाहतो आणि मग शेवटच्यापासून पहिल्याकडे जात फाडून टाकतो. आईच्या हातांतील मूल जाड पुठ्ठ्यावर चिकटवलेले आहे; ते सहजासहजी फाटत नाही. या एका तपशिलासाठी आम्ही बेकेट यांना बरेच काही क्षमा करू.

सर्व डोळे मिटले. मनुष्य डुलकी घेतो. तेव्हा कॅमेरा प्रथमच आपली मर्यादा ओलांडतो, खोलीला वळसा घालतो आणि त्याच्या समोर येऊन उभा राहतो. मनुष्य दचकून जागा होतो, आणि समोर पाहतो तो स्वतःच उभा आहे! तीच हॅट, डोळ्यावर तीच पट्टी. त्या चेहऱ्यावर कठोरपणाही नाही, दयाही नाही; आहे ती केवळ एकाग्र टक. मनुष्य दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतो. खुर्ची झुलते, हळूहळू थांबते. ज्या डोळ्याने लघुपटाचा आरंभ झाला, तोच डोळा शेवटी पडदा व्यापून उरतो.

आता या कलाकृतीचे मोल काय? प्रथम कीटन यांच्या निवडीविषयी. ज्या नटाचा निर्विकार चेहरा एका पिढीने डोळे भरून पाहिला, त्यालाच सबंध लघुपटभर पाठमोरा ठेवायचा आणि शेवटच्या क्षणी समोर आणायचा, ही कल्पना अत्यंत समर्पक आहे. पाठीतून, खांद्यांतून, भिंतीशी चोरलेल्या अंगातून कीटन भय व्यक्त करतात. बोलपट आल्यानंतर या नटाचे वैभव ओसरले होते. १९२९ हा काळही त्या दृष्टीने अर्थपूर्ण वाटतो. मूकपट अस्ताला जात होता तोच हा काळ. प्रेक्षकांच्या नजरेवर जगलेला माणूस त्या नजरेतून उतरला की त्याचे काय होते, हे कीटन यांना कोणी शिकवायला नको होते.

दोषही सांगितले पाहिजेत. मनुष्याच्या स्वतःच्या डोळ्यांना दिसणारे जग आणि कॅमेऱ्याला दिसणारे जग यांत भेद दाखवण्यासाठी पहिले जग विरविरीत पडद्याआडून पाहिल्यासारखे धूसर चित्रित केले आहे. पटकथा न वाचलेल्या प्रेक्षकाला ही योजना चटकन उमगत नाही. आमच्यासोबत बसलेल्या तरुणांना कॅमेरा बिघडला असावा असेच प्रथम वाटले. तसेच आरंभी गजबजलेल्या रस्त्याचे एक दृश्य योजलेले होते. सर्व माणसे जोडीजोडीने एकमेकांकडे पाहत चाललेली आणि एकटा हा मनुष्य उलट दिशेने पळणारा. पहिल्या दिवशीचे ते चित्रण तांत्रिक दोषामुळे निरुपयोगी ठरले आणि ते दृश्य गाळावे लागले. रॉस लिपमन यांच्या २०१५ च्या 'नॉटफिल्म' या माहितीपटामुळे त्या हरवलेल्या चित्रणाविषयी नव्याने चर्चा झाली. आमच्या मते ही हानी केवळ तांत्रिक नाही. सुखाने एकमेकांकडे पाहणारी माणसे गेली आणि लघुपटात उरली ती केवळ भयाने पाहणारी. पाहण्याची दुसरी शक्यता बेकेट यांच्या आराखड्यात होती. ती पडद्यावरून पुसली गेली.

येथे आम्ही मुख्य मुद्द्याकडे वळतो. बर्कली यांचे सूत्र बेकेट यांनी अर्धेच घेतले आहे. 'असणे म्हणजे जाणले जाणे' हे बर्कली यांनी जड वस्तूंविषयी म्हटले होते. टेबलाचे, झाडाचे असणे हे जाणले जाण्यात आहे. आत्म्याचे असणे मात्र जाणण्यात आहे, पाहण्यात आहे. बेकेट यांना हे ठाऊक नसेल असे मुळीच नाही. त्या सूत्राच्या सत्यासत्यतेची जबाबदारी आपण घेत नाही, ते केवळ रचनेच्या सोयीसाठी वापरले आहे, असे त्यांनी पटकथेतच स्पष्ट केले आहे. पण या अर्धवट उचलण्यातूनच त्यांच्या मनुष्याची शोकांतिका सिद्ध होते. एक अर्धा केवळ पाहिला जातो, त्याला पाहता येत नाही. दुसरा अर्धा केवळ पाहतो, त्याला कोणी पाहू शकत नाही. जो पाहतो तो भयाने कोसळतो. एकाच माणसाचे हे दोन तुकडे बावीस मिनिटे एकमेकांचा पाठलाग करतात. समोरासमोर येतात तेव्हा त्यांच्यात भेट होत नाही, केवळ टक लागते. आमच्या वाचनाप्रमाणे जोडप्याच्या आणि वृद्धेच्या भयाचे कारण हेच आहे. प्रेमाचा लवलेशही नसलेला डोळा त्यांनी पाहिला.

ज्याँ-पॉल सार्त्र यांनी १९४३ च्या आपल्या ग्रंथात दुसऱ्याच्या नजरेने माणसाची वस्तू होते, असे प्रतिपादन केले होते. बेकेट त्यापुढे एक पाऊल टाकतात. दुसरा कोणी खोलीत नसतानाही माणसाची वस्तू होऊ शकते. त्यासाठी त्याची स्वतःची नजर पुरेशी आहे. सर्व डोळे झाकले म्हणजे आपण मोकळे झालो, या आधुनिक समजुतीवर याहून कठोर टीका आम्ही पाहिलेली नाही.

मग फाडलेल्या त्या चित्राचे काय? तरुणपणी आम्हाला ती निंदा वाटली होती. आज आम्ही वेगळा विचार करतो. पटकथेत पित्या परमेश्वराचे मुख सांगितले असले, तरी प्रत्यक्ष चित्रणात वापरले गेले ते मेसोपोटेमियातील तेल अस्मार येथे सापडलेल्या प्राचीन सुमेरी मूर्तीचे चित्र. १९३० च्या दशकातील उत्खननात मिळालेल्या त्या मूर्तीला उत्खनन करणाऱ्या हेन्री फ्रँकफर्ट यांनी अबू या देवाची मूर्ती मानले होते. पुढील काळातील अभ्यासकांचा कल मात्र निराळा आहे. त्या विस्फारलेल्या डोळ्यांच्या मूर्ती देवांच्या नसून देवापुढे हात जोडून उभ्या असलेल्या उपासकांच्या आहेत, असे त्यांना वाटते. हा योगायोग बेकेट यांनी योजलेला नसेल. पण तो बोलका आहे. देवाची कठोर नजर म्हणून जे त्या मनुष्याने फाडले, ती कदाचित देवाकडे आशेने पाहणाऱ्या माणसाचीच नजर होती.

आणि ते चित्र देवाचेच होते असे धरले, तरी तो कोणता देव? आमच्या लहानपणी धर्मशिक्षणाच्या वर्गात आम्हाला सांगितले जाई की, अंथरुणात पांघरूण डोक्यावर घेतले तरी देव पाहतो आणि वहीत लिहून ठेवतो. सांगणाऱ्यांचा हेतू चांगला होता. पण कित्येक रात्री आम्ही त्या डोळ्याच्या धाकाने जागून काढल्या आहेत. केवळ टक लावणारा, हिशेब ठेवणारा हा देव पवित्र शास्त्रातील देव नव्हे. अशा देवाचे चित्र कोणी फाडले, तर त्याने देव फाडला असे म्हणता येणार नाही. एक मूर्ती फोडली, एवढेच म्हणता येईल.

शास्त्र काय सांगते? आदाम झाडांआड लपला, तेव्हा परमेश्वराने प्रथम विचारले ते 'तू कुठे आहेस' असे. शोधणाऱ्याचा तो प्रश्न आहे. घरातून पळालेली दासी हागार रानात झऱ्याकाठी बसली होती; तिच्या दुःखाची दखल घेणाऱ्या देवाला तिने 'पाहणारा देव' असे नाव दिले. देवाला नाव देण्याचे हे धाडस एका परक्या, गर्भवती, पळून आलेल्या स्त्रीने केले, आणि पाहिले जाणे हीच तिला मिळालेली कृपा होती. एकशे एकोणचाळिसाव्या स्तोत्राचा कर्ताही प्रथम पळू पाहतो. आकाशात, अधोलोकात, समुद्राच्या पैलतीरी. पण स्तोत्राच्या शेवटी तोच स्वतःहून देवाला आपले अंतःकरण तपासण्याची विनंती करतो. पळणारा पाहिला जाण्याची इच्छा कशी करू लागतो? मधल्या ओळींत त्याला आठवते की, आईच्या उदरात तो घडत असताना हीच दृष्टी त्याच्यावर होती. बेकेट यांच्या मनुष्याला न फाटलेले पहिले छायाचित्र आठवा. तेथपर्यंत तो पोहोचला होता. फक्त त्यापलीकडे त्याने पाहिले नाही.

१४५३ साली कार्डिनल निकोलस ऑफ क्यूसा यांनी बव्हेरियातील टेगर्नसे येथील बेनेडिक्टाईन मठवासीयांना एक ग्रंथ आणि त्यासोबत एक चित्र पाठवले. ते चित्र असे होते की, पाहणारा कोठेही उभा राहो, चित्रातील मुखाची दृष्टी त्याच्यावरच खिळलेली वाटे. निकोलस यांनी सुचवले की, ते भिंतीवर लावावे, एका बंधूने पूर्वेकडून पश्चिमेकडे आणि दुसऱ्याने उलट दिशेने चालावे, आणि मग एकमेकांना विचारावे. दोघेही सांगतील की, ती दृष्टी माझ्यासोबत चालत होती. युक्ती तीच आहे, पाठलाग करणारा डोळा. पण निष्कर्ष बेकेट यांच्या नेमका उलट. निकोलस यांच्या लेखी देवाचे पाहणे आणि देवाचे प्रेम करणे या दोन क्रिया नाहीत. त्या ग्रंथाच्या लॅटिन नावात 'देवाला पाहणे' आणि 'देवाचे पाहणे' हे दोन्ही अर्थ आहेत. आपल्या भाषेतील 'देवाचे दर्शन' या शब्दांतही ते दोन्ही सामावू शकतात. आपण मात्र त्यांतील एकच ऐकत आलो आहोत. आणखी एक गोष्ट विसरू नये. त्या प्रयोगात दोन बंधू लागतात. दुसऱ्यालाही हाच अनुभव आला, हे त्याला विचारल्यावाचून कळत नाही. बेकेट यांच्या खोलीत विचारायला कोणी नाही.

खोलीतील शेवटच्या दृश्यासाठी बेकेट यांनी पटकथेत एक लहानसा तपशील दिला आहे. समोर उभ्या राहिलेल्या चेहऱ्याच्या शेजारी भिंतीतील मोठा खिळा दिसावा. चित्र फाडल्यावर भिंतीत उरलेला तो खिळा. म्हणजे देवाचे चित्र जेथे होते, तेथे आता मनुष्याचे 'मी'पण उभे आहे आणि ते न्यायासनावर बसले आहे. हा न्यायाधीश वाईट आहे असे बेकेट म्हणत नाहीत. त्याला दया ठाऊक नाही, एवढेच ते दाखवतात. संत योहान आपल्या पहिल्या पत्रात म्हणतात की, आपले मन आपल्याला दोषी ठरवीत असले, तरी देव आपल्या मनाहून थोर आहे. हा लघुपट त्या वचनाचा पूर्वार्ध आहे. उत्तरार्ध त्यात नाही. पण पूर्वार्ध इतक्या प्रामाणिकपणे क्वचितच कोणी मांडला असेल. शुभवर्तमानात याची दोन उदाहरणे शेजारी शेजारी आहेत. यहूदाने स्वतःला पाहिले आणि तो एकटा निघून गेला. पेत्राने प्रभूला नाकारले, त्याच क्षणी प्रभूने वळून त्याच्याकडे पाहिले, आणि पेत्र रडला. अपराध दोघांचाही होता. पेत्राला त्याच्या स्वतःच्या डोळ्यांहून वेगळे डोळे भेटले.

हे सर्व लिहिताना आम्हाला धर्मग्रामातील एक घर आठवते. एक वृद्ध गृहस्थ तेथे एकटेच राहत. पत्नी निवर्तलेली, मुले परदेशी. भरदिवसा खिडक्या बंद. आम्ही प्रथम गेलो तेव्हा त्यांनी दार अर्धेच उघडले. आत भिंतीवरील कुटुंबाच्या तसबिरी उलट्या टांगलेल्या दिसल्या. आम्ही विचारले, "काका, मिस्साला दिसत नाही तुम्ही?" ते म्हणाले, "फादर, कोणी बघत नाही तेच बरं आहे," आणि त्यांनी दार लावून घेतले. आम्ही परतलो आणि नोंदवहीत त्या घरासमोर एक खूण केली. पुढील भेटीत पुन्हा तोच प्रश्न, पुन्हा तेच दार. आज कळते की, त्या दारात आम्ही बेकेट यांचा डोळा होऊन उभे होतो. आमचे पाहणे म्हणजे मोजणी होती. त्यांना पाहायला आम्ही गेलो होतो. त्यांनी आमच्याकडे पाहावे, याची आम्ही वाटच पाहिली नव्हती.

तिसऱ्या खेपेस पावसाने आम्हाला अडवले, म्हणून त्यांनी आत घेतले. आम्ही काहीच विचारले नाही. त्यांनी चहा केला आणि आमच्या भिजलेल्या झग्याकडे पाहून म्हणाले, "फादर, तुम्ही दमलेले दिसता." खरे तर आम्ही दमलो होतो, बऱ्याच महिन्यांत कोणी तसे म्हटले नव्हते. त्या दिवशी त्या घरात पाहिले गेलो ते आम्ही. त्यानंतर ते कधी मिस्साला आले, कधी आले नाहीत. काही तसबिरी सरळ झाल्या, एक अखेरपर्यंत उलटीच राहिली. तिच्याविषयी आम्ही विचारले नाही.

लघुपट संपल्यावर आमच्या तरुणांपैकी एका मुलीने विचारले, "फादर, याने मोबाइलला काय केलं असतं?" सगळे हसले. पण प्रश्न विचार करण्याजोगा होता. १९६४ साली त्या मनुष्याला आरसा, पोपट आणि मासा झाकून भागले. आज आपला डोळा आपणच खिशात घेऊन फिरतो आणि दिवसातून कितीदा तरी तो स्वतःकडे वळवतो. चौकाचौकात कॅमेरे आहेत. आपण पाहिले जात आहोत याची भीती आणि आपल्याला कोणी पाहत नाही याची भीती, या दोन्ही एकाच माणसाच्या मनात एकाच वेळी नांदत आहेत. फ्रेंच तत्त्ववेत्ते जील दलझ यांनी या कृतीला सर्वश्रेष्ठ आयरिश चित्रपट म्हटले होते. ते खरे असो वा नसो, हा लघुपट आयर्लंडपुरता किंवा १९६४ पुरता राहिलेला नाही, हे त्या मुलीच्या प्रश्नाने आम्हाला पटवले.

म्हणून ज्यांना शक्य आहे त्यांनी हा लघुपट अवश्य पाहावा, आणि एकट्याने पाहू नये. चार जणांत पाहावा, मग दिवे लावावेत आणि एकमेकांकडे पाहून बोलावे. बेकेट यांचा मनुष्य शेवटी दोन्ही हातांनी चेहरा झाकून बसला आहे. होरेब डोंगरावर मंद वाणी ऐकून एलीयानेही आपल्या झग्याने चेहरा झाकला होता. पण तो गुहेच्या दारापाशी येऊन उभा राहिला, आणि तेथे त्याला प्रश्न विचारणारा कोणी तरी होता. लघुपटातील मनुष्य हात खाली करील की नाही, हे बेकेट सांगत नाहीत. त्याने हात खाली केले, तर समोर कोणाचा चेहरा असावा, हा प्रश्न मात्र ते आपल्यावर सोपवून जातात. तो चेहरा आपला असू शकतो. धर्मगुरू म्हणून, शेजारी म्हणून, मुलगा किंवा मुलगी म्हणून आपण बंद खिडक्यांच्या ज्या ज्या घरापुढून रोज जातो, तेथे दार अर्धे उघडेल तेव्हा आपल्या डोळ्यांत काय असेल, याची तयारी आजपासून केलेली बरी.